आजोबांचा दाखला, आईची पदविका आणि टीईटी: शिक्षकाच्या ‘पात्रते’चा दोनशे वर्षांचा वाद

१/ या दिवाळीत आमच्या घरी फराळाच्या डब्यांशेजारी एक नवे पुस्तक येऊन बसले: शिक्षक पात्रता परीक्षेचे मार्गदर्शक, पेपर पहिला. ते माझ्यासाठी नव्हते. सव्वीस वर्षे जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवणाऱ्या माझ्या आईसाठी होते. येत्या २३ नोव्हेंबरला ती या परीक्षेला बसणार आहे. वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी, आपण शिक्षक होण्यास पात्र आहोत हे सिद्ध करण्यासाठी.

२/ मित्रहो, या खात्यावरील धाग्यांत आपण एरवी शिलालेख, जुन्या वाटा आणि मोडी कागदपत्रे वाचतो. आजचा विषय वरकरणी वर्तमानपत्रातला आहे. परंतु ‘शिक्षक होण्यास पात्र कोण, आणि हे ठरवायचे कोणी’ हा प्रश्न मुंबई इलाख्यात गेली दोनशे वर्षे पुन्हा पुन्हा उभा राहिला आहे. त्या वादाची कागदपत्रे मला अभिलेखागारात नव्हे, आजोळच्या पत्र्याच्या ट्रंकेत मिळाली.

३/ ट्रंकेत सर्वांत खाली आजोबांचा, म्हणजे आईच्या वडिलांचा, १९५३ सालचा नेमणुकीचा हुकूम होता. माथ्यावर ‘उत्तर सातारा जिल्हा स्कूल बोर्ड’. (आजचा सांगली जिल्हा तेव्हा ‘दक्षिण सातारा’ म्हणून ओळखला जाई, सांगली हे नाव त्याला १९६० मध्ये मिळाले.) आजोबांची शैक्षणिक अर्हता एका ओळीत मावलेली: प्राथमिक शाळेची अंतिम परीक्षा उत्तीर्ण. आणि त्यापुढे, शाईने, एकच शब्द: ‘अनट्रेंड’.

४/ ही अंतिम परीक्षा म्हणजे सातवीची. त्याआधीच्या पिढीत तिला ‘व्हर्नाक्युलर फायनल’ म्हणत. जुनी माणसे नुसते ‘फायनल झालेला’ असे म्हणत. आज सातवी पास म्हटले की आपण हसू. त्या काळी गावात पत्र वाचून दाखवणारा, सातबारा समजावून सांगणारा, अर्ज लिहून देणारा माणूस बहुधा हाच असे. राज्याला शाळा हव्या होत्या, मास्तर कमी होते. म्हणून दार रुंद ठेवले होते.

५/ पण दाराची रुंदी ठरवण्याचे काम त्याही आधीचे. १८२२ साली मुंबईत स्थापन झालेल्या ‘हैंदशाळा व शाळापुस्तक मंडळी’ने कॅप्टन जॉर्ज जर्व्हिस यांच्या देखरेखीखाली मास्तर तयार करण्यास आरंभ केला. १८२६ साली अशा शिकवून तयार केलेल्या शिक्षकांची पहिली तुकडी दख्खन, कोकण आणि गुजरातेत रवाना झाली. गावातील पंतोजी आणि सरकारमान्य ‘तयार’ मास्तर हा भेद येथून सुरू होतो. तोवर मास्तराची लायकी गाव ठरवत असे. आता ती मुंबईहून ठरून येऊ लागली.

६/ १८५४ च्या वुडच्या खलित्याने शिक्षकांच्या प्रशिक्षणसंस्थांची शिफारस केली. प्रत्यक्षात ट्रेनिंग कॉलेजातून बाहेर पडणारे थोडे आणि शाळा कितीतरी जास्त, ही तफावत पुढे शतकभर टिकली. या तफावतीतूनच तीन प्रकारचे शिक्षक जन्माला आले: प्रशिक्षित, अप्रशिक्षित आणि ‘तूर्तास’ नेमलेले. आजच्या न्यायालयीन वादांतील पक्षकार पाहा. नावे बदलली आहेत. प्रकार तेच आहेत.

७/ या विषयावरील माझ्या मते सर्वांत मोलाचा दस्तऐवज म्हणजे जोतीराव फुले यांनी १८८२ साली हंटर शिक्षण आयोगापुढे सादर केलेले निवेदन. प्राथमिक शाळांतील शिक्षक जवळजवळ सारे ब्राह्मण आहेत, त्यांतील थोडेच ट्रेनिंग कॉलेजातून आलेले आहेत, बाकीचे अप्रशिक्षित आहेत आणि पगार क्वचितच दहा रुपयांवर जातो, अशी त्यांची तक्रार होती. शिक्षक प्रशिक्षित असावा आणि त्याला बरा पगार मिळावा, ही मागणी त्यांनी स्पष्टपणे केली.

८/ परंतु जोतीराव तेथे थांबले नाहीत. शिक्षक शक्यतो शेतकरी व कष्टकरी वर्गांतून घ्यावा. वेळ पडल्यास नांगराची मूठ किंवा सुताराचा वाकस हाती धरायला न लाजणारा, खालच्या मानल्या गेलेल्या थरांतील लोकांत सहज मिसळणारा असावा, असे त्यांनी सुचवले. म्हणजे पात्रतेचे दोन भाग झाले: एक प्रमाणपत्रावर लिहिता येणारा, दुसरा न येणारा. गेल्या दीडशे वर्षांत कायद्याने पहिला भाग अधिकाधिक काटेकोर केला. दुसऱ्या भागासाठी रकाना अजून निघालेला नाही.

९/ १९२३ च्या कायद्याने प्राथमिक शिक्षण स्थानिक मंडळांच्या हाती गेले, १९४७ च्या मुंबई प्राथमिक शिक्षण कायद्याने जिल्हा स्कूल बोर्डांची नवी घडी बसवली, आणि १ मे १९६२ रोजी जिल्हा परिषदा अस्तित्वात आल्यावर शाळा त्यांच्याकडे आल्या. आजोबा या घडीतून चालत गेले. अप्रशिक्षितांना पाळीपाळीने प्रशिक्षणास पाठवण्याची तेव्हा पद्धत होती. ट्रंकेतला दुसरा कागद तोच: चार वर्षे नोकरी झाल्यावर आजोबांना पगार चालू ठेवून ट्रेनिंग कॉलेजला पाठवल्याचा हुकूम.

१०/ हा दुसरा कागद मी पुष्कळ वेळ हातात धरून बसले होते. नेमताना अर्हता अपुरी होती, हे राज्याला ठाऊक होते. ती पुरी करण्याचा भार राज्याने स्वतःकडे घेतला: वेळ दिला, पगार दिला, वर्गावर बदली माणूस दिला. आजोबा परत आले तेव्हा त्यांच्या नावापुढचा ‘अनट्रेंड’ हा शब्द गेला होता. १९९२ साली ते मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झाले. हा कागद लक्षात ठेवा. धाग्याच्या शेवटी त्याच्याकडे परत यायचे आहे.

११/ आईच्या काळापर्यंत चित्र पालटले होते. बारावीनंतर दोन वर्षांची डी.एड. पदविका म्हणजे हमखास नोकरी, असा समज खेडोपाडी रुजला आणि मान्यता नसलेली अध्यापक विद्यालयेही निघाली. त्यांतील विद्यार्थी परीक्षेस बसू द्यावे म्हणून न्यायालयात जात. ‘महाराष्ट्र राज्य विरुद्ध विकास साहेबराव रौंदळे’ या १९९२ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अशी मुभा देणे चूक ठरवले. ज्या संस्थेत सोयी नाहीत, शिकवणारे नीट नाहीत, तेथून निघालेला शिक्षक मुलांना काय देणार, हा त्यामागचा विचार.

१२/ १९९३ च्या कायद्याने राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेला वैधानिक दर्जा मिळाला. १९९५ पासून ती त्या रूपात काम करू लागली. पात्रता ठरवण्याचे केंद्र आता जिल्ह्यावरून, राज्यावरून, दिल्लीकडे सरकू लागले. आईला १९९९ साली मान्यताप्राप्त विद्यालयाच्या डी.एड.वर नेमणूक मिळाली. तिच्या आदेशात वेतनश्रेणी आहे ४५००–७०००, जिल्ह्यात कोठेही काम करण्याची अट आहे, वैद्यकीय दाखल्याची अट आहे. पुढे आणखी एखादी परीक्षा द्यावी लागेल, असे कोठेही नाही. असणार तरी कसे?

१३/ तिच्या नेमणुकीनंतर लगेच, २००० पासून, राज्यात ‘शिक्षणसेवक’ योजना आली: पहिली तीन वर्षे पूर्ण पगाराऐवजी मानधन. त्याच सुमारास वाड्यावस्त्यांवर ‘वस्तीशाळा’ निघाल्या आणि तेथे निमशिक्षक नेमले गेले. पुढे त्यांनी पदविका मिळवल्या, लढे दिले आणि मग ते सेवेत सामावले गेले. पुन्हा तीच रीत. शिक्षक तातडीने हवा आणि स्वस्तात हवा तेव्हा पात्रतेचा आग्रह सैल होतो. गरज भागली की तो घट्ट होतो. वाद उद्भवतो तो या दोन क्षणांच्या मधल्या माणसांचा.

१४/ आता कायद्याच्या गाभ्याकडे येऊ. १ एप्रिल २०१० रोजी शिक्षण हक्क कायदा अंमलात आला. त्याचे कलम २३ सांगते: केंद्राने नेमलेल्या शैक्षणिक प्राधिकरणाने ठरवलेली किमान अर्हता असेल तोच शिक्षक म्हणून नेमणुकीस पात्र. त्याचे परंतुक सांगते: कायदा लागू होताना ज्यांच्याकडे ही अर्हता नाही, त्यांनी ती पाच वर्षांत मिळवावी. परिषदेने २३ ऑगस्ट २०१० रोजी अधिसूचना काढली आणि पहिली ते आठवीच्या शिक्षकांसाठी किमान अर्हतेत एक नवी गोष्ट घातली: शिक्षक पात्रता परीक्षा, म्हणजेच टीईटी.

१५/ त्याच अधिसूचनेच्या चौथ्या परिच्छेदात आधी नेमलेल्यांसाठी सूट होती. त्या वेळच्या नियमांनुसार रीतसर नेमणूक झालेल्या जुन्या शिक्षकांना नवी किमान अर्हता मिळवण्याची गरज नाही, असा तिचा अर्थ. आईसारख्या लाखो शिक्षकांनी हा परिच्छेद आपली ढाल मानला. पंधरा वर्षे तो ढालच होता. येथे थोडे थांबून पाहा: कलमाचे परंतुक म्हणते ‘मिळवा’, अधिसूचना म्हणते ‘गरज नाही’. पुढचा सारा वाद या दोन वाक्यांच्या मधल्या फटीत आहे.

१६/ परीक्षा कशी असते? दीडशे प्रश्न, दीडशे गुण, अडीच तास. पहिली ते पाचवीच्या पेपरात बालविकास व अध्यापनशास्त्र, दोन भाषा, गणित आणि परिसर अभ्यास, प्रत्येकी तीस गुण. उत्तीर्ण होण्यास ६० टक्के, म्हणजे ९० गुण. राज्यात राखीव प्रवर्गांसाठी ५५ टक्के. चुकीच्या उत्तराला गुण कापत नाहीत. एवढे वाचून ‘यात काय अवघड?’ असे वाटेल. महाराष्ट्रात या परीक्षेचा निकाल अनेकदा एक आकडी टक्क्यांत लागला आहे.

१७/ राज्याने १३ फेब्रुवारी २०१३ च्या शासन निर्णयाने टीईटी अनिवार्य केली. तरीही त्यानंतर ती नसलेल्या शिक्षकांच्या नेमणुका होत राहिल्या. केंद्राने २०१७ साली कलम २३ मध्ये दुरुस्ती केली: ३१ मार्च २०१५ रोजी सेवेत असलेल्या, पण किमान अर्हता नसलेल्या प्रत्येक शिक्षकाने ती चार वर्षांत मिळवावी. मुदत ३१ मार्च २०१९ ला संपली. मुदत चुकलेले शिक्षक न्यायालयात गेले आणि जून २०२१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने त्यांच्या याचिका फेटाळल्या.

१८/ त्याच काळात टीईटीचा गैरव्यवहार उघडकीस आला. २०१९ च्या परीक्षेत सात हजार आठशेहून अधिक उमेदवारांना पैसे घेऊन पात्र ठरवल्याचे निष्पन्न झाले आणि २०२२ मध्ये त्यांच्यावर कारवाई झाली. पात्रता सिद्ध करण्याचा कागदच विकत मिळू लागला, तर कागद नसलेला अपात्र आणि असलेला पात्र, ही मांडणी किती भाबडी ठरते! जोतीरावांच्या निवेदनातील तो न लिहिता येणारा रकाना मला अशा वेळी आठवतो.

१९/ महाराष्ट्राबाहेर याहून मोठी उलथापालथ उत्तर प्रदेशात झाली. तेथे १९९९ पासून बारावी झालेल्या तरुणांना ‘शिक्षामित्र’ म्हणून कंत्राटावर नेमले होते. पुढे राज्याने त्यांना टीईटीतून सूट देऊन कायम केले. अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०१५ मध्ये ते रद्द केले आणि २५ जुलै २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल कायम ठेवला. सुमारे पावणेदोन लाख माणसांचे कायमपण गेले. न्यायालयाने त्यांना पुढच्या दोन भरतींत वयाची सवलत आणि अनुभवाचे वजन देण्याची मुभा ठेवली.

२०/ वादाची दुसरी बाजू मला माझ्या मावसभावामुळे कळली. दादाकडे प्राथमिकसाठीची डी.एल.एड. पदविका आहे, टीईटी उत्तीर्ण आहे, अभियोग्यता चाचणीही दिलेली आहे. २०१८ च्या अधिसूचनेने बी.एड. झालेल्यांनाही पहिली ते पाचवीसाठी पात्र ठरवले, तेव्हा त्याच्यापुढची रांग एका दिवसात कित्येक पटींनी लांबली. ११ ऑगस्ट २०२३ रोजी ‘देवेश शर्मा’ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ती मुभा रद्द ठरवली. लहान मुलांना शिकवण्याचे शास्त्र वेगळे आहे, हे न्यायालयाने मान्य केले. दादाने त्या दिवशी पेढे वाटले होते.

२१/ मग आला १ सप्टेंबर २०२५. ‘अंजुमन इशाअत-ए-तालीम ट्रस्ट विरुद्ध महाराष्ट्र राज्य’. न्यायमूर्ती दीपांकर दत्ता आणि न्यायमूर्ती मनमोहन यांच्या खंडपीठाने निर्णय दिला: शिक्षण हक्क कायद्यापूर्वी नेमलेल्या, पण निवृत्तीस पाच वर्षांहून अधिक काळ उरलेल्या शिक्षकांनी दोन वर्षांत टीईटी उत्तीर्ण व्हावे, अन्यथा सेवा सोडावी लागेल किंवा सक्तीची निवृत्ती. पाच वर्षांहून कमी उरलेल्यांना निवृत्तीपर्यंत राहता येईल, पण टीईटीशिवाय पदोन्नती नाही. अल्पसंख्याक शाळांना हा कायदा लागू करावा का, हा प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपवला गेला.

२२/ न्यायालयाची विचारसरणी समजून घेतली पाहिजे. ‘अन्याय’ म्हणून मोकळे होणे सोपे आहे. टीईटी ही नुसती चाळणी नसून किमान अर्हतेचाच भाग आहे. अर्हता मिळवण्याचे बंधन खुद्द संसदेच्या कायद्यात आहे, म्हणून खालच्या अधिसूचनेतील सूट त्यापुढे टिकत नाही. आणि या साऱ्याच्या मुळाशी आहे अनुच्छेद २१ अ: मुलाचा शिक्षणाचा मूलभूत हक्क. दीर्घ सेवेची अडचण न्यायालयाने मान्य केली आणि अनुच्छेद १४२ चा विशेषाधिकार वापरून पाच वर्षांची ती सवलत दिली. आईच्या निवृत्तीला मात्र नऊ वर्षे आहेत.

२३/ त्या संध्याकाळी आई शाळेतून आली तेव्हा तिच्या फोनवर शिक्षकांच्या गटांतले शेकडो संदेश साचले होते. तिने चहा ठेवला आणि मला विचारले, “अगं, ‘पूर्वलक्षी’ म्हणजे नक्की काय?” मी इतिहासाची विद्यार्थिनी, मागे वळून पाहणे हेच माझे काम. पण कायदा मागे वळून पाहतो तेव्हा काय होते, हे मला त्या क्षणी नीट सांगता आले नाही. मी म्हणाले, “आधी झालेल्या गोष्टीला आत्ताचा नियम लावणे.” ती म्हणाली, “म्हणजे नव्व्याण्णव सालच्या मला.”

२४/ दिवाळीत दादा आला. बोलता बोलता तो थेट म्हणाला, “मावशी, रागावू नकोस, पण आम्ही दोनदा-दोनदा परीक्षा दिल्या, तरी बाहेर उभे आहोत. तुम्ही एकदा दिलीत तर काय बिघडले?” आई म्हणाली, “काही बिघडत नाही बाळा, देतेच आहे. पण तू नापास झालास तर पुन्हा बसशील. मी नापास झाले तर सोमवारी त्या पोरांपुढे उभी कशी राहू?” दादा गप्प झाला. मीही. दोघांचेही खरे होते, आणि दोघांनाही एकमेकांसमोर उभे करणारा तिसरा पक्ष त्या खोलीत नव्हता.

२५/ कायद्यात एक सर्वमान्य तत्त्व आहे: खेळ सुरू झाल्यावर खेळाचे नियम बदलू नयेत. ७ नोव्हेंबर २०२४ रोजी ‘तेज प्रकाश पाठक’ प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ते पुन्हा सांगितले: भरती सुरू झाल्यावर, नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा नसेल तर, पात्रतेचे निकष मध्येच बदलता येत नाहीत. मी उत्साहाने आईला हे वाचून दाखवले. पण ते तत्त्व भरतीच्या प्रक्रियेचे आहे. सेवेत असलेल्याला पुढे नवी अर्हता मिळवायला लावण्याचा प्रश्न वेगळा. आपल्या माणसाच्या बाजूचा दाखला सापडला की तो लागू आहे असे वाटू लागते. इतिहासाच्या अभ्यासकाने याच मोहापासून जपायचे असते.

२६/ गेले सहा आठवडे मी आईचा अभ्यास घेते आहे. पहिल्या सराव परीक्षेत तिला ७१ गुण पडले. गणित आणि मराठी उत्तम. इंग्रजी आणि बालविकास येथे गाडी अडते. एक प्रश्न होता: सारखेच पाणी रुंद भांड्यातून उंच भांड्यात ओतले, तर लहान मूल ‘जास्त झाले’ म्हणते, हा अभ्यास कोणाचा? चार नावे. आईने चुकीचे निवडले. मी म्हणाले, “पियाजे.” ती हसली. “डी.एड.ला होता तो. नंतर सव्वीस वर्षांत भेटला नाही. पण ती पोरं दरवर्षी भेटतात. पाणी मोजून दाखवलं तरी पटत नाही त्यांना, मग मी त्यांनाच ओतायला लावते.”

२७/ येथे मी आईचा जयजयकार करून थांबले, तर धागा गोड होईल, पण अपुरा राहील. कारण याच अभ्यासात दुसरेही दिसले. परिसर अभ्यासातील काही संकल्पना ती चुकीच्या समजुतीने वर्षानुवर्षे शिकवत होती. ते तिचे तिलाच कळले, आणि त्या रात्री ती बराच वेळ गप्प होती. दुसऱ्या दिवशी म्हणाली, “हे मला कोणीतरी दहा वर्षांपूर्वी विचारायला हवं होतं.” विचारायला हवे होते, हे तिने मान्य केले. न विचारण्याचा दोष कोणाचा, हा प्रश्न मात्र उरतो.

२८/ म्हणून ट्रंकेतल्या त्या दुसऱ्या कागदाकडे परत येते. १९५७ साली राज्याने आजोबांना सांगितले: तुमची अर्हता अपुरी आहे, चला, आम्ही शिकवतो, पगार चालू आहे. २०२५ साली आईला सांगितले गेले: तुमची अर्हता अपुरी आहे, दोन वर्षांत पुरी करा, नाहीतर घरी जा. मधल्या काळात तिने मतदारयाद्या केल्या, जनगणना केली, पोषण आहाराचे हिशेब ठेवले, दोन वर्गांना एका खोलीत शिकवले. अभ्यासासाठी तिला मिळाली ती दिवाळीची सुटी.

२९/ माझे मत असे, आणि ते चुकीचे असू शकेल. मुलाला सक्षम शिक्षक मिळण्याचा हक्क शिक्षकाच्या सेवाकालापेक्षा मोठा आहे, हे न्यायालयाचे म्हणणे मला पटते. परंतु पात्रता हा जर मुलाचा हक्क असेल, तर ती शिक्षकाला मिळवून देणे हे राज्याचे कर्तव्य ठरते; ते शिक्षकावर एकट्यावर ढकलता येत नाही. आजोबांच्या राज्याला हे कळत होते, आणि ते आजच्यापेक्षा कितीतरी गरीब राज्य होते. शिवाय राज्याने नियम मोडून नेमणुका केल्या, तेव्हा परीक्षा नेहमी नेमलेल्याचीच झाली, नेमणाऱ्याची कधी झाली नाही.

३०/ दादाचा प्रश्न त्याने सुटत नाही, हेही कबूल करते. रिक्त जागा वेळेवर भरल्या असत्या, तर तो आज आईचा सहकारी असता, प्रतिस्पर्धी नव्हे. काल त्याने आपली जुनी टीईटीची वही, हाताने काढलेल्या टिपणांसह, आईला पाठवून दिली. पहिल्या पानावर लिहिले आहे: ‘मावशी, बालविकासाचे आधी कर.’ परवाच्या सरावात तिला ८६ गुण पडले. चार कमी आहेत. हातात थोडे दिवस आहेत.

३१/ शेवटी एक विनंती. तुमच्या घरी आजोबा, आजी, काका, मावशी कोणी शिक्षक असतील, तर त्यांचे नेमणुकीचे हुकूम, बदलीचे आदेश, प्रशिक्षणाची पत्रे शोधून ठेवा. निवृत्तीनंतर हे कागद रद्दीत जातात. निकालपत्रांत कलमे सापडतात. त्या कलमांखाली जगलेली माणसे या कागदांत सापडतात. नाव-गाव झाकून छायाचित्र काढा आणि या धाग्याखाली जोडा. कोणत्या साली, कोणत्या अर्हतेवर, कोणत्या अटींवर नेमणूक झाली, एवढे लिहिले तरी पुरे. त्यातून एक यादी तयार करू.

३२/ आई आत इंग्रजीचा सराव करते आहे आणि मला हाक मारते आहे. ‘सिंथ’पासूनचे आणि ‘फॉर’चे वाक्य तिला नेहमी उलटसुलट होते. उरलेले प्रश्न खाली विचारा, रात्री उत्तरे देईन. धागा समाप्त.